पास आहे, जागा नाही

मुंबईत लोकलने रोज येणाऱ्या-जाणाऱ्या माणसाला 'पास' या शब्दाचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. पास म्हणजे गाडीत चढण्याचा हक्क. बसण्याचा हक्क त्यात कधीच नव्हता. खिडकी मिळाली तर नशीब, चौथी सीट मिळाली तर समाधान, आणि दारात एक पाय टेकवायला जागा मिळाली तरी ऑफिस गाठता येतं. पुण्याहून डेक्कन क्वीनने ये-जा करणाऱ्यांनाही हे ठाऊक आहे. त्या गाडीत पासवाल्यांचा डबा वेगळा, आरक्षणवाल्यांचा वेगळा. पासधारक आरक्षित डब्यात जाऊन बसला तर काय होतं, ते सांगायला टीसीच पुरे.

म्हणजे प्रवासाचा हक्क आणि बसायची जागा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे आपल्याला बाळपणापासून माहीत असतं. गंमत म्हणजे हाच आपण युरोपच्या रेल्वे पासची जाहिरात बघतो तेव्हा ते विसरतो. 'एक पास, तीसहून जास्त देश, वाटेल तिथे जा.' जाहिरातीत डोंगरातून जाणारी लाल गाडी, खिडकीशी एक मुलगी, पाठीला सॅक. मग पास विकत घेतला की पुढची ओळ दिसते: या गाडीला आरक्षण सक्तीचं आहे, त्याचे पैसे वेगळे.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. कंपनीच्या कामासाठी दोन वर्षं म्युनिकमध्ये राहिलो आणि त्या काळात हा पास बऱ्यापैकी वापरला. आमच्या धंद्याच्या भाषेत सांगायचं तर पास म्हणजे लॉगिन. तुम्ही कोण आहात हे सिस्टमला पटलं, एवढंच. कुठल्या दाराच्या आत जाता येईल हे दुसरी सिस्टम ठरवते. या दोन सिस्टम वेगळ्या का झाल्या, हा प्रश्न मला प्रवासापेक्षाही जास्त दिवस पुरला. त्याचं उत्तर इतिहासात आहे, आणि तो इतिहास पासपेक्षा बराच जुना आहे.

भाडं एकाचं, बिछाना दुसऱ्याचा

जॉर्ज नागेलमाकर्स नावाचा एक बेल्जियन तरुण १८६०च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेत गेला. तिथे त्याने पुलमनचे झोपायचे डबे पाहिले. परत येऊन त्याने १८७२मध्ये युरोपात तसाच धंदा सुरू केला. पुढे तीच 'वागाँ-ली' कंपनी झाली. १८८३मध्ये पॅरिसहून सुटलेली ओरिएंट एक्सप्रेस याच कंपनीची.

अडचण अशी होती की युरोपात रूळ एकाचे नव्हते. पॅरिसहून पूर्वेकडे जायचं तर वाटेत अनेक देश आणि त्यांच्या वेगवेगळ्या रेल्वे. नागेलमाकर्सकडे ना रूळ होते ना इंजिनं. त्याच्याकडे फक्त डबे होते. म्हणून त्याने प्रत्येक रेल्वेशी करार केला: डबा माझा, ओढायचा तुम्ही. प्रवाशाच्या पहिल्या वर्गाच्या भाड्याचे पैसे तुमचे, बिछान्याचा वरचा अधिभार माझा.

आज युरोपात रात्रीच्या गाडीत पासधारकाला बर्थसाठी वेगळे पैसे मोजावे लागतात, त्याचं मूळ या करारात आहे. भाडं म्हणजे अंतर कापण्याचे पैसे आणि अधिभार म्हणजे त्या अंतरात मिळणाऱ्या सोयीचे पैसे, ही विभागणी तेव्हापासून रुळली. पुढे १९५७मध्ये 'ट्रान्स युरोप एक्सप्रेस' या गाड्या आल्या. विमानाशी स्पर्धा करायला काढलेल्या, फक्त पहिल्या वर्गाच्या, व्यापारी लोकांसाठीच्या. त्यांनाही भाड्यावर अधिभार होताच. वेग हीसुद्धा आता वेगळी विकायची सोय झाली होती. आपल्याकडे तिकिटावर 'सुपरफास्ट अधिभार' ही ओळ छापलेली असते. हिशोबाची जातकुळी तीच.

डॉलरवाल्यांसाठी पास

१९५८च्या ऑक्टोबरमध्ये पॅन ॲम कंपनीचं बोइंग ७०७ न्यूयॉर्कहून पॅरिसला जाऊ लागलं. अटलांटिक ओलांडायला बोटीला दिवस लागायचे, ते आता तासांवर आलं. त्याच्या आदल्याच वर्षी आर्थर फ्रॉमर यांचं, रोज पाच डॉलरमध्ये युरोप कसा फिरावा हे सांगणारं पुस्तक निघालं होतं. अमेरिकी मध्यमवर्ग युरोपच्या दाराशी उभा होता, आणि युद्धातून सावरणाऱ्या युरोपला डॉलर हवे होते.

१९५९मध्ये युरेल पास आला तो या मुहूर्तावर. पश्चिम युरोपातल्या १३ देशांच्या रेल्वे त्यात सामील होत्या. ब्रिटन नव्हतं. पास फक्त पहिल्या वर्गाचा होता आणि तो युरोपीय लोकांना मिळत नसे. बाहेरून येणाऱ्यांसाठीच तो होता. म्हणजे रेल्वेच्या दृष्टीने ही निर्यातच होती, फक्त माल पाठवायचा नव्हता, गिऱ्हाईक इकडे येत होतं.

यामागचं गणित समजून घेण्यासारखं आहे. तेव्हाच्या गाड्या म्हणजे इंजिन आणि त्यामागे डबे. गाडी वेळापत्रकानुसार सुटणारच. तीत तीनशे लोक असोत की तीनशे एक, खर्चात फरक नगण्य. गर्दी वाढलीच तर मागे आणखी एक डबा जोडायचा. अशा व्यवस्थेत पासवाला अमेरिकन म्हणजे रिकाम्या राहिल्या असत्या त्या सीटवर मिळालेला फुकटचा डॉलर. त्याच्यावर अटी घालण्याचं कारणच नव्हतं. 'वाटेल त्या गाडीत बसा' हे वाक्य तेव्हा जवळपास खरं होतं, कारण तसं म्हणणं रेल्वेला परवडत होतं.

एका उन्हाळ्यापुरता

जगभरच्या रेल्वेंची एक संघटना आहे, यूआयसी. तिचं मुख्यालय पॅरिसमध्ये. ती १९२२मध्ये स्थापन झाली. १९७२मध्ये पन्नाशी साजरी करायची म्हणून एक कल्पना निघाली: युरोपातल्या तरुणांसाठी महिनाभराचा, दुसऱ्या वर्गाचा पास. नाव इंटररेल. वयाची अट २१ वर्षांपर्यंत. देश २१. ब्रिटनमध्ये त्याची किंमत होती साडेसत्तावीस पौंड. तो एका वर्षापुरताच ठेवायचा होता, पण इतका चालला की बंद करायची हिंमत कुणाला झाली नाही. वयाची अट पुढे २३, मग २६ झाली आणि १९९८मध्ये उठली.

त्या पासमध्ये सुरुवातीपासूनच एक बारीक अट होती. आपल्या स्वतःच्या देशात तो पूर्ण चालत नसे. तिथे अर्धं भाडं भरावं लागे. कारण साधं आहे. परक्या देशातला पासवाला हा नवा गिऱ्हाईक असतो. आपल्याच देशातला पासवाला मात्र एरवी पूर्ण तिकीट काढणारा प्रवासी असतो, त्याला पास देणं म्हणजे घरच्या गल्ल्यातून पैसे काढणं. १९५९चा पास युरोपीय माणसाला न विकण्यामागेही हाच हिशोब दिसतो.

तरीही १९७२चा पास काय होता, ते त्या काळात बसूनच कळतं. युरोपात तेव्हा जवळजवळ प्रत्येक सीमेवर पासपोर्ट दाखवावा लागे. प्रत्येक देशाचं चलन वेगळं. बर्लिनमध्ये भिंत उभी होती. आणि या पासात युगोस्लाव्हिया आणि हंगेरीसारखे पलीकडच्या बाजूचे देशही होते. ज्यांच्या आईवडिलांनी एकमेकांच्या शहरांवर बॉम्ब पडताना पाहिले होते, अशी १९-२० वर्षांची मुलं रात्रीच्या गाडीत एकाच बाकावर झोपून जात होती. हॉटेलचे पैसे वाचवायचे म्हणून रात्रीचा प्रवास, कॉरिडॉरमध्ये सॅकवर डोकं ठेवून. आरक्षण कोणी करत नसे. जागा नसली तर उभं राहायचं. आपल्या लोकलच्या पाससारखंच.

गाडी विमान होते तेव्हा

२७ सप्टेंबर १९८१ रोजी पॅरिस आणि लिऑंच्या दरम्यान टीजीव्ही सुरू झाली. १९८३मध्ये नवा मार्ग पूर्ण झाल्यावर हे अंतर दोन तासांत कापलं जाऊ लागलं. तंत्रज्ञानाच्या दृष्टीने ही विलक्षण गोष्ट होती, आणि पासच्या दृष्टीने ही पहिली भिंत होती.

टीजीव्हीचा संच ठरावीक लांबीचा. दोन टोकांना इंजिनं, मध्ये आठ डबे, सगळं एकमेकांत गुंतवलेलं. गर्दी झाली म्हणून मागे एक डबा जोडता येत नाही. फार तर दुसरा अख्खा संच जोडता येतो. म्हणजे सीट मोजून आहेत. शिवाय पहिल्या दिवसापासून या गाडीला आरक्षण सक्तीचं होतं. जिथे सीट मोजून असतात तिथे रिकामी सीट हा तोटा असतो आणि स्वस्तात दिलेली सीट हाही तोटा असू शकतो, कारण शेवटच्या क्षणी कोणीतरी ती चढ्या भावात घेतली असती. हा विचार रेल्वेचा नव्हता, विमान कंपन्यांचा होता.

तो रेल्वेत आला तो सॉफ्टवेअरच्या वाटेने. अमेरिकन एअरलाइन्सने तिकिटांसाठी 'सेबर' ही संगणक यंत्रणा उभी केली होती. फ्रेंच रेल्वेने तिच्यावर आधारलेली आपली नवी यंत्रणा १९९३मध्ये सुरू केली आणि तिला नाव दिलं 'सोक्रात', म्हणजे सॉक्रेटिस. सुरुवात भयानक झाली. खिडक्यांवर रांगा, चुकीची तिकिटं, वैतागलेले कर्मचारी, चिडलेले प्रवासी. दुसऱ्या क्षेत्राचं सॉफ्टवेअर उचलून आपल्याकडे बसवताना काय होतं, हे ज्याने एकदा तरी अनुभवलंय त्याला त्या कर्मचाऱ्यांबद्दल कणव वाटेल. विमान एका ठिकाणी उडतं आणि दुसऱ्या ठिकाणी उतरतं. गाडी मध्ये सहा ठिकाणी थांबते, आणि एकच सीट एका प्रवासात तीन जणांना विकता येते.

यंत्रणेतले दोष पुढे दुरुस्त झाले. पण तिच्यासोबत आलेली कल्पना राहिली. त्याआधी भाडं मुख्यतः किलोमीटरवर ठरायचं. आता ते मागणीवर ठरू लागलं: कुठला वार, कुठली वेळ, किती आधी काढलं, किती सीट उरल्या. प्रत्येक सीटला क्षणाक्षणाला बदलणारी किंमत आली. आणि या जगात पासवाला हा फुकटचा डॉलर राहिला नाही. ज्या सीटची आज जास्त किंमत येऊ शकते, ती अडवून बसणारा माणूस झाला.

मग उपाय दोन. एक, त्याच्याकडून आरक्षणाचे वेगळे पैसे घ्या. दोन, प्रत्येक गाडीत पासवाल्यांसाठी मोजक्याच सीट ठेवा. फ्रान्समधल्या टीजीव्हीत पासधारकाला देशांतर्गत प्रवासासाठी साधारण १० ते २० युरो पडतात. फ्रान्सहून स्पेनला किंवा लंडन-पॅरिस युरोस्टारला तीस युरोंच्या आसपास किंवा वर. इटलीतल्या वेगवान गाड्यांना आणि स्पेनच्या आव्हेलाही असेच वरचे पैसे. युरोस्टार १९९४मध्ये सुरू झाली, पण पासमध्ये यायला तिला २०१७ उजाडलं. आणि २०१३मध्ये फ्रेंच रेल्वेने 'विगो' ही स्वस्त वेगवान गाडी काढली, तिच्यात पास चालतच नाही. रूळ तेच, कंपनी तीच, गाडी वेगळी.

यात आणखी एक गोष्ट घडली जी आकड्यांत दिसत नाही. जिथे वेगवान गाडी आली, तिथली जुनी, इंजिन-डब्यांची, विनाआरक्षणाची एक्सप्रेस बहुतेकदा बंद झाली. म्हणजे 'वेगवान नको, सावकाश जातो' हा पर्यायही कमी झाला. उरल्या त्या तीनदा बदलायच्या प्रादेशिक गाड्या.

दुसरा रस्ता

सगळ्या युरोपने हा रस्ता धरला नाही, आणि पास अजून जिवंत आहे तो त्यामुळे.

स्वित्झर्लंडने १९८२मध्ये देशभर तालबद्ध वेळापत्रक आणलं. प्रत्येक मुख्य मार्गावर दर तासाला गाडी, रोज त्याच मिनिटाला. पुढे १९८७मध्ये लोकांनी मतदान करून 'बान २०००' हा प्रकल्प मंजूर केला. मोठ्या स्टेशनांत सगळ्या दिशांच्या गाड्या साधारण एकाच वेळी येतात, प्रवासी फलाट बदलतात, गाड्या निघतात. बऱ्याच मार्गांवर आता अर्ध्या तासाला गाडी आहे. अशा देशात आरक्षण सक्तीचं करण्यात अर्थच नाही. एक गाडी चुकली तर दुसरी येतेय. तिथे पर्यटकांसाठीच्या ग्लेशियर एक्सप्रेसला आरक्षण सक्तीचं आहे आणि ते महागही आहे. पण त्याच रुळांवरून, त्याच डोंगरांतून साध्या गाड्या धावतात, त्यात पास दाखवून बसता येतं. जाहिरातीतली लाल गाडी हीसुद्धा असू शकते.

जर्मनीत हा वाद उघड लढला गेला. डिसेंबर २००२मध्ये जर्मन रेल्वेने विमान कंपन्यांच्या धर्तीवर नवी भाडेपद्धत आणली: आधी काढा, ठरावीक गाडीला बांधून घ्या, बदललंत तर दंड भरा. वर्षभर अर्ध्या भाड्यात प्रवास करू देणारं लोकप्रिय कार्ड रद्द केलं. लोक इतके खवळले की काही महिन्यांत वरिष्ठ अधिकाऱ्यांना जावं लागलं आणि ऑगस्ट २००३मध्ये ते कार्ड परत आलं. आजही जर्मनीतल्या आयसीई गाडीत, ताशी अडीचशे-तीनशे किलोमीटर वेगाने, आरक्षणाशिवाय उभं राहून जाता येतं. शुक्रवारी संध्याकाळी म्युनिकहून निघणाऱ्या आयसीईच्या दाराशी सॅकवर बसलेली माणसं बघितली की मला पुण्याची आठवण यायची.

म्हणजे 'वेगवान गाडीला आरक्षण लागणारच' हा निसर्गनियम नाही. तो एक निर्णय आहे. काही देशांनी घेतला, काहींच्या लोकांनी घेऊ दिला नाही.

एक गाडी, दोन पास

मी म्युनिकमध्ये असताना माझी मावसबहीण नाशिकहून आली होती, तीन आठवड्यांसाठी. येण्याआधी महिनाभर तिचे मेसेज सुरू होते. "दादा, पास घेऊ की सुटी तिकिटं?" मी एक एक्सेल शीट केली. तिच्या भाषेत सांगायचं तर मी 'दोन वेगळ्या तिकिटांचं पीएच.डी.' केलं.

त्यात एक मजेदार गोष्ट निघाली. ती भारतातून आलेली, म्हणून तिला युरेल. मी युरोपात राहण्याचा परवाना असलेला, म्हणून मला इंटररेल. दोन्ही पास एकच कंपनी चालवते, तिचं कार्यालय नेदरलंड्समधल्या युट्रेख्टमध्ये आहे. पण नियम सारखे नाहीत. तिचा पास अख्ख्या जर्मनीत हवा तेव्हा चालत होता. माझा जर्मनीत फक्त दोन दिवस चालणार होता: एकदा देशाबाहेर जायला, एकदा परत यायला. १९७२ची ती 'घरच्या गल्ल्याची' अट वेगळ्या रूपात अजून आहे. पासपोर्ट दोघांचाही भारतीय, आडनाव वेगळं, आणि रेल्वेच्या हिशोबात मी घरचा, ती पाहुणी. "म्हणजे पहिल्यांदा कुठेतरी माझा व्हिसा तुझ्यापेक्षा भारी पडला," ती म्हणाली.

तो आनंद फार टिकला नाही. पासच्या नकाशात ब्रिटन आहे, तुर्कस्तान आहे, शेंगेनबाहेरचे बाल्कन देश आहेत. तिच्या शेंगेन व्हिसाच्या नकाशात ते नाहीत. पास म्हणतो 'वाटेल तिथे जा', आणि व्हिसाच्या अर्जात रोज कुठे झोपणार हे आधी लिहून द्यावं लागतं. युरोपीय मुलीसाठी पासचं स्वातंत्र्य म्हणजे सकाळी उठून फलाटावर ठरवणं. भारतीय मुलीने ते दोन महिने आधी, नाशिकमध्ये बसून, हॉटेलच्या बुकिंगसकट ठरवलेलं असतं. पासची मुख्य किंमत आपण ज्या लवचीकपणासाठी मोजतो, तो आपल्याला पूर्ण वापरताच येत नाही. या खर्चाबद्दल कोणी बोलत नाही, कारण तो रेल्वेने लावलेला नाही.

एका राजधानीला जाणाऱ्या वेगवान गाडीत तिला ज्या दिवशी जायचं होतं, त्या दिवशीचा पासधारकांचा कोटा संपलेला होता. सर्वसामान्य तिकिटं मात्र विक्रीला होती, भाव चढलेला. दोघं स्क्रीनकडे बघत बसलो. गाडीत जागा होती, पण ती आमच्यासाठी नव्हती. शेवटी बेत बदलला. ती स्ट्रासबुर्गला गेली आणि तिथून कोलमारला, प्रादेशिक गाडीने, एक पैसा वरचा न देता. कोलमारचे लाकडी चौकटींच्या घरांचे फोटो तिने इतके पाठवले की राजधानी राहिली याचं दुःख तिला झालंय असं काही वाटलं नाही.

नियम बदलतात, कधी आपल्या बाजूनेही

इतिहास सगळा एका दिशेने जात नाही. १९९४ ते २००७ या काळात इंटररेलने युरोपचे झोन पाडले होते. प्रत्येक झोनला इंग्रजी अक्षर, जितके झोन तितके पैसे. ते २००७मध्ये गेलं आणि सगळ्या देशांचा एकच पास आला. पूर्वी एक 'सात वाजताचा नियम' होता: संध्याकाळी सातनंतर सुटणारी रात्रीची गाडी दुसऱ्या दिवसाच्या खात्यात धरायची. कागदी पासवर तारीख पेनाने भरायची असे, आणि ती चुकीची भरली की दंड. आता रात्रीच्या थेट गाडीला फक्त सुटण्याचा दिवस लागतो. २०२०पासून पास मोबाइलवर आला. मात्र गाडी सुटण्याआधी प्रवास ॲपमध्ये नोंदवावा लागतो आणि फोन अधूनमधून इंटरनेटला जोडावा लागतो. चार्जिंग संपलेला फोन म्हणजे विनातिकीट प्रवास.

लोकांच्या दबावाचाही परिणाम होतो. ऑगस्ट २०१९मध्ये ब्रिटिश रेल्वे कंपन्यांच्या संघटनेने जाहीर केलं की नव्या वर्षापासून ब्रिटन दोन्ही पासमधून बाहेर पडणार. ब्रेक्झिटचे दिवस होते. इतका गदारोळ झाला की दुसऱ्याच दिवशी निर्णय मागे घ्यावा लागला. २०१८पासून युरोपीय संघ १८ वर्षांच्या मुलांना हजारो पास फुकट देतो. १९७२ची कल्पना आता सरकारी धोरण झाली आहे. आणि २०२२मध्ये पन्नाशीनिमित्त काही दिवस पास अर्ध्या किमतीत विकायला काढले, तेव्हा वेबसाइटसमोर व्हर्च्युअल रांगा लागल्या. पास कुणाला नकोय असं नाही.

गंमत म्हणजे आपल्या रेल्वेचाही असा एक पास होता, इंड्रेल. परदेशी पर्यटक आणि अनिवासी भारतीयांसाठी, डॉलरमध्ये किंमत. त्यात आरक्षणाचे आणि सुपरफास्टचे पैसे वेगळे नव्हते, सगळं आत. या एका बाबतीत आपला पास युरोपच्या पासपेक्षा प्रामाणिक होता. तो २०१७मध्ये बंद झाला.

मग घ्यावा का?

हा प्रश्न मला अजूनही दर उन्हाळ्यात येतो, म्हणून एकदाच लिहून ठेवतो.

पासची किंमत त्याच्या प्रवासाच्या दिवसांनी भागा. एका दिवसाचा आकडा येईल. त्यात त्या दिवशीच्या आरक्षणाचे पैसे मिळवा. रात्रीची गाडी असेल तर बर्थचे मिळवा. मग तोच प्रवास आज साध्या तिकिटाने कितीला पडतो ते त्या रेल्वेच्या वेबसाइटवर बघा. दोन-तीन महिने आधी तारीख पक्की असेल तर फ्रान्स, स्पेन आणि इटलीत साधं तिकीट बहुतेकदा जिंकतं. आणि व्हिसामुळे आपल्यापैकी अनेकांची तारीख तशीही पक्कीच असते. जर्मनी, ऑस्ट्रिया, स्वित्झर्लंड, नेदरलंड्स, बेल्जियम या पट्ट्यात, लांब पल्ल्याचे दिवस असतील आणि बेत मोकळा ठेवायचा असेल, तर पास जिंकू शकतो. पास मेट्रोत आणि ट्राममध्ये चालत नाही, हे शहरातल्या खर्चात धरा. युंगफ्राऊसारख्या डोंगरी रेल्वेवर फक्त सवलत मिळते, पूर्ण प्रवास नाही. एकाच देशात राहणार असाल तर त्या देशाची स्वतःची योजना आधी बघा. जर्मनीत २०२३पासून महिनाभराचं देशव्यापी तिकीट आहे. ते आयसीईत चालत नाही, पण शहरातली बस, ट्राम आणि सगळ्या प्रादेशिक गाड्या त्यात येतात.

आणि कोटा संपायच्या आत आरक्षण करा. उन्हाळ्यात तर पास घ्यायच्या आधीच जागा आहे का ते बघा.

१९७२मध्ये वीस वर्षांच्या मुलाला एक महिना हातात मिळायचा आणि पुढचं तो फलाटावर ठरवायचा. तो महिना आज पूर्णपणे गेलेला नाही. तो वेगवान गाड्यांमधून बाहेर पडून सावकाश गाड्यांमध्ये राहायला गेलाय. स्ट्रासबुर्ग-कोलमारमध्ये आहे, स्वित्झर्लंडच्या तासाच्या गाडीत आहे, ऑस्ट्रियातल्या डोंगरी मार्गांवर आहे. तिथे अजून कोणी सीट नंबर विचारत नाही. फक्त त्या गाड्या टिकाव्यात, त्यांच्याजागी आणखी एखादी आरक्षणवाली वेगवान गाडी येऊन त्या बंद पडू नयेत, हे पासच्या किमतीपेक्षा महत्त्वाचं आहे.